खुर्ची कुणी सरकवली?

सिनेमा संपला, दिवे लागले आणि दिग्दर्शिकेच्या हातात माईक पोचायच्या आधीच मागच्या रांगेतून प्रश्न आला, ‘यातलं खरं किती आणि घडवून आणलेलं किती?’ ती तोंड उघडते न उघडते तोच उजवीकडून एक गृहस्थ उभे राहिले. ‘मला एवढंच सांगा, यात तुम्ही नेमकं केलंत काय? कॅमेरा लावलात, माणसं येत-जात राहिली. आमच्या जिन्यातला सीसीटीव्हीही तेच करतो आणि वर मानधन मागत नाही.’ लोक हसले. दिग्दर्शिकाही हसली, पण कसनुशी. पुढचा पाऊण तास चर्चा या दोन प्रश्नांच्या मध्ये लंबकासारखी हलत राहिली. एक गट म्हणत होता, सगळं अस्सल आहे म्हणून थोर. दुसरा म्हणत होता, सगळं अस्सलच आहे तर तुमचं त्यात काय? छायाचित्रांच्या प्रदर्शनात, स्पर्धांच्या निकालांनंतर हाच वाद जरा वेगळ्या शब्दांत ऐकू येतो. फोटो ‘टिपलेला’ की ‘लावलेला’? टिपलेला असेल तर ते नशीब, लावलेला असेल तर ती लबाडी. फोटोग्राफर बिचारा दोन्हीकडून मेला.

माझं म्हणणं आधीच सांगून टाकतो. हे दोन गट भांडतात जोरात, पण दोघांचं गृहीतक एकच आहे आणि तेच चुकलेलं आहे. उपलब्ध उजेड, हातात धरलेला किंवा हट्टानं एका जागी रोवलेला कॅमेरा, नवखे चेहरे, लांबत जाणारे शॉट, पार्श्वसंगीताला रजा, या सगळ्याला आपण निरीक्षणाची शैली म्हणतो. दोन्ही गट असं धरून चालतात की ही शैली म्हणजे कलाकारानं हात आखडता घेणं. एकाला त्यात सचोटी दिसते, दुसऱ्याला आळस. मला त्यात हस्तक्षेपाचाच एक प्रकार दिसतो, आणि तोही बहुतेक वेळा सगळ्यांत कष्टाचा. साधेपणा ही शैली आहे, तो पुरावा नव्हे. मग तिला शैली म्हणूनच जाब विचारला पाहिजे. काय निवडलं, काय गाळलं, कुठं उभं राहून पाहिलं, आणि पाहणाऱ्याला जो शब्द दिला तो पाळला का.

संस्कृत काव्यशास्त्रात हे भांडण हजार-तेराशे वर्षांपूर्वी होऊन गेलंय, आणि सिनेमाच्या चर्चेत त्याची कुणाला आठवण होत नाही याचं मला नवल वाटतं. एखादी गोष्ट जशी आहे तशी सांगणं, म्हणजे स्वभावोक्ती, हा अलंकार मानायचा की नाही? सूर्य मावळला, चंद्र झळकतोय, पाखरं घरट्याकडे निघालीत, अशा अर्थाची एक ओळ भामहानं पुढं ठेवली आणि विचारलं, हे कसलं काव्य? ही तर नुसती वार्ता. जिन्यातल्या सीसीटीव्हीचे गृहस्थ थेट भामहाच्या कुळातले. दंडीनं तीच ओळ घेतली आणि म्हटलं, वेळ सूचित करायची असेल तर हेही चांगलंच आहे. शिवाय अलंकारांची मोजदाद करताना त्यानं पहिला मान स्वभावोक्तीला दिला. मग कुंतक आला. त्याचा सवाल सगळ्यांत बोचरा: वस्तूचा स्वभाव म्हणजे तिचं शरीर, आणि शरीरच दागिना झालं तर तो दागिना घालायचा कुणाला? आपल्याच खांद्यावर आपल्याला चढता येत नाही. वरवर पाहता हा युक्तिवाद बिनतोड आहे, पण त्यात एक फट आहे. स्वभाव वेगळा आणि स्वभावाची उक्ती वेगळी. संध्याकाळच्या आभाळात पाखरं दहा दिशांना दहा कामांसाठी उडत असतात. त्यांतली घरट्याकडे निघालेलीच तेवढी सांगायची, हे ठरवणारा कुणीतरी असतो. कवितेत ही निवड शब्दांतून होते, कॅमेऱ्यात चौकटीतून. (मम्मटानं पुढं स्वभावोक्तीची व्याख्या करताना लहान मुलं वगैरेंच्या स्वाभाविक हालचालींचा उल्लेख केला. महोत्सवी सिनेमात मुलांची आणि जनावरांची एवढी गर्दी का, याचं उत्तर बहुधा तिथंच असावं.)

मी हौशी फोटोग्राफर आहे, त्यामुळे हे सगळं मला पुस्तकांआधी घरात कळलं. वडील सकाळी पेपर वाचतात ते टिपायचं होतं. ‘तुम्ही नेहमीसारखं वाचा, मी इथं नाहीच असं समजा,’ असं म्हणालो आणि तिथंच फसलो. ते नेहमीसारखं वाचण्याचा अभिनय करू लागले. पाठ ताठ, पेपर छातीपासून हातभर लांब, चेहऱ्यावर राष्ट्राची चिंता. पहिले दोन दिवस वाया गेले. तिसऱ्या दिवशी मी ट्यूबलाइट बंद केली, कारण तिच्या उजेडात चेहरा पांढराफटक दिसत होता. त्यांची खुर्चीही खिडकीकडे जराशी सरकवली, म्हणजे उजेड एकाच गालावर पडेल. पन्नासची लेन्स, एफ 2, शटर 1/60. पाचव्या दिवशी ते मला विसरले. चष्मा कपाळावर गेला, मान खाली आली आणि अंगठा ओळीखालून सरकू लागला. ही त्यांची खरी सवय, कित्येक वर्षांची. ज्यांनी ज्यांनी तो फोटो पाहिला त्यांनी एकच शब्द वापरला, ‘सहज’. पाच दिवस, एक विझवलेली ट्यूब आणि एक सरकवलेली खुर्ची एवढ्यावर उभा असलेला सहजपणा! यात खोटं काय आहे? अंगठा खरा. उजेडही सूर्याचाच. जागा तेवढी मी ठरवलेली. यातलं खरं किती टक्के हे मला आजही सांगता येणार नाही, आणि प्रश्न टक्क्यांत विचारला की उत्तर हाती लागत नाही, एवढं मात्र पटलंय.

कॅमेऱ्याच्या जन्मापासून हे असंच आहे. 1838 मध्ये छायाचित्रणाचा एक आद्य शोधक दागेर यानं पॅरिसमधल्या एका हमरस्त्याचं छायाचित्र वरच्या मजल्यावरून घेतलं. त्यात रस्ता ओस पडलेला दिसतो. प्रत्यक्षात तो वाहता होता, पण काही मिनिटं चाललेल्या एक्स्पोजरमध्ये, म्हणजे पट्टीवर उजेड पडू देण्याच्या वेळात, हलणारं सगळं पुसलं गेलं. ठळक उरला तो बूट पॉलिश करून घ्यायला थांबलेला एक माणूस. छायाचित्रात आलेला हा बहुधा पहिलाच माणूस. कुणी कुणाला फसवलं नव्हतं, तरी त्या रस्त्याबद्दल हे चित्र चुकीचं सांगतं, कारण थांबणाऱ्याला ठेवायचं आणि चालणाऱ्याला गाळायचं हा त्या यंत्राचाच धर्म होता. दोनच वर्षांनी, 1840 मध्ये, इपोलित बायारनं स्वतःला बुडून मेलेला माणूस म्हणून दाखवणारं छायाचित्र काढलं. छायाचित्रणाच्या शोधाचं सगळं श्रेय दागेरला गेलं आणि आपल्याला डावललं, हा त्याचा निषेध होता. प्रेत स्वतःचा फोटो काढतंय, म्हणजे धडधडीत बनाव, पण त्यामागचं गाऱ्हाणं खरं. ही कला रांगत होती तेव्हाच तिला न रचता चुकीचं सांगणं आणि रचून खरं सांगणं दोन्ही येत होतं. सिनेमाचंही तेच. सिनेमाचे आद्य प्रणेते ल्युमिए बंधू यांनी 1895 मध्ये आपल्याच कारखान्यातून बाहेर पडणारे कामगार चित्रित केले. ‘जसं आहे तसं’ दाखवण्याचा आद्य नमुना म्हणून पन्नासेक सेकंदांची ती फीत सांगितली जाते. तिच्या तीन वेगवेगळ्या आवृत्त्या उपलब्ध आहेत. म्हणजे कामगारांना ते दार पुन्हा पुन्हा ओलांडावं लागलं, तेही मालक कॅमेरा घेऊन समोर असताना. रीटेक हा निरीक्षणाच्या सिनेमाचा जुळा भाऊ आहे.

ज्यांच्या नावानं आज सहजतेचे गोडवे गायले जातात, त्यांचं काम जवळून पाहिलं तर थक्क व्हायला होतं. इटालियन दिग्दर्शक डी सिकाच्या 1948 मधल्या ‘बायसिकल थीव्ह्ज’चा नायक कारखान्यातला खराखुरा कामगार होता, रस्ते खरे होते, हे सगळे सांगतात. त्यातला पाऊस अग्निशामक दलाच्या पाण्यानं पाडलेला होता आणि त्या काळच्या इटालियन रिवाजाप्रमाणे आवाज नंतर भरलेले होते, हे फार कुणी सांगत नाही. सत्यजित राय यांच्या ‘अपराजितो’त बनारसच्या घराच्या अंगणात जो मऊ, सावली न पाडणारा उजेड उतरतो, तो स्टुडिओतला आहे. छायालेखक सुब्रत मित्र यांनी सेटवर कापड ताणून, दिवे त्यावर मारून, उलटून येणाऱ्या प्रकाशातून आभाळ तयार केलं. त्या काळी स्टुडिओत दिवे थेट चेहऱ्यावर सोडायची पद्धत होती. खरं अंगण कसं दिसतं याचा मित्रांनी एवढा अभ्यास केला नसता तर खोटं अंगण इतकं खरं उतरलं नसतं. इराणी दिग्दर्शक किआरोस्तामींच्या ‘टेस्ट ऑफ चेरी’त मोटारीत बसलेली दोन माणसं बोलत राहतात, आणि असला मोकळा संवाद लिहून होत नाही असं वाटतं. चित्रीकरणाच्या वेळी ती दोघं समोरासमोर नव्हतीच. एकाचं चित्रण चालू असताना शेजारच्या सीटवर स्वतः किआरोस्तामी बसून त्याच्याशी बोलत होते. आता हे कळल्यावर तो सिनेमा खोटा झाला? मला तर तो जास्त आवडू लागला. जी माणसं भेटलीच नाहीत त्यांच्यातली जवळीक आपण डोळ्यांनी पाहिली होती.

इथं समोरच्या बाजूचं सगळ्यांत भक्कम म्हणणं ऐकून घेतलं पाहिजे. ते असं: तुमचं हे ‘सगळीच निवड असते’ प्रकरण फार सोयीचं आहे. यातून उद्या कुणीही काहीही रचेल आणि वर म्हणेल, निवड तर सगळेच करतात. युद्धातलं प्रेत चौकटीत नीट बसावं म्हणून हलवलं तर चालेल? नाही, अजिबात चालणार नाही. बातमीच्या छायाचित्रात सोवळं पाळलंच पाहिजे, आणि ते पाळण्यासाठी स्पर्धा-संस्थांनी कठोर व्हावं या मताचा मी आहे. 2015 मध्ये ‘वर्ल्ड प्रेस फोटो’ या बातमी-छायाचित्रांच्या स्पर्धेनं शेवटून दुसऱ्या फेरीत पोचलेल्या प्रवेशिकांपैकी सुमारे 20 टक्के बाद केल्या, कारण मूळ फाईलशी ताडून पाहिल्यावर फेरफार सापडले. त्याच वर्षी एक पुरस्कारही काढून घेतला, कारण एका छायाचित्राचं ठिकाण चुकीचं सांगितलं होतं. हे योग्यच झालं. पण या दोन घटना शेजारी ठेवून बघा. एकात चित्रातले पिक्सेल बदलले होते, दुसऱ्यात चित्राखालची ओळ खोटी होती. दोन्हीकडे मोडला गेला तो वाचकाला दिलेला शब्द. चित्र रांगडं होतं की रेखीव, प्रसंग शांत होता की नाट्यमय, याचा त्याच्याशी संबंध नाही.

अमेरिकी फोटोग्राफर वॉकर इव्हान्सनं हा गुंता 1971 मधल्या एका मुलाखतीत सोडवला होता. त्याचा आशय असा की खुनाच्या जागेचं पोलिसांनी काढलेलं छायाचित्र हा दस्तऐवज. दस्तऐवजाला उपयोग असतो, कलेला तसा तो नसतो. म्हणून कला कधी दस्तऐवज होत नाही, फार तर ती दस्तऐवजाची शैली उचलू शकते. इव्हान्स ज्या अमेरिकी सरकारी छायाचित्रण-प्रकल्पात होता त्याच प्रकल्पातल्या आर्थर रोथस्टाईनवर 1936 मध्ये गहजब झाला होता. त्यानं भेगाळलेल्या जमिनीवर सापडलेली गुराची कवटी काही फूट हलवून वेगवेगळ्या पार्श्वभूमीवर फोटो काढले होते. विरोधी वर्तमानपत्रांनी बोंब ठोकली की सरकार दुष्काळाचा देखावा उभा करतंय. दुष्काळ खरा होता, कवटीही खरी होती. तरी रोथस्टाईनचं चुकलं असंच मी म्हणेन, कारण तो पुराव्याचा शब्द देऊन गेला होता. याउलट फ्रेंच फोटोग्राफर रॉबर्ट दुआनोचं 1950 मधलं, पॅरिसच्या रस्त्यावर चुंबन घेणाऱ्या जोडप्याचं छायाचित्र घ्या. चाळीसेक वर्षांनी प्रकरण कोर्टात गेलं तेव्हा कळलं की ती दोघं अभिनय शिकणारी होती आणि त्यांना पुन्हा चुंबन घ्यायला सांगून उभं केलेलं होतं. लोक हळहळले. का हळहळले? चुंबन घेणारी दोघं खरोखरची प्रेमिकच होती, दुसऱ्यांदा घेतलेल्या चुंबनाला खोटं कसं म्हणणार? हळहळ होती ती आपण एका शैलीला हलफनामा समजलो याची, आणि दुआनोनं आपला तो समज इतकी वर्षं खुशाल राहू दिला याची.

खरेपणाची खूण म्हणून आपण जे ओळखतो ते दर पिढीला बदलतं, हा मुद्दा या वादात कधी येत नाही. दुसऱ्या महायुद्धात, 1944 मध्ये, नॉर्मंडीच्या किनाऱ्यावरची युद्धछायाचित्रकार रॉबर्ट कापाची छायाचित्रं हललेली, धुरकट आहेत, आणि तेव्हापासून हललेलं म्हणजे जीव धोक्यात घालून काढलेलं असं समीकरण बसलं. 1960 च्या आसपास खांद्यावर पेलता येणारे 16 एमएम कॅमेरे आणि त्यांच्या जोडीनं चालणारी टेपरेकॉर्डरं आली, तेव्हा झटके खाणारा कॅमेरा, फोकस शोधत जाणारी लेन्स हे सत्याचं व्याकरण झालं. पुढं जाहिरातींनी ते व्याकरण पाठ केलं. आता मोबाइलवरचं उभं, दाणेदार, मध्येच तुटणारं चित्रण पाहिलं की आपण आपोआप विश्वास ठेवतो. म्हणजे ज्याला फसवायचं आहे त्यानं नेमकी हीच शैली उचलायची. बोरिस एल्डाग्सेननं 2023 मध्ये सोनी वर्ल्ड फोटोग्राफीच्या स्पर्धेत एका गटाचं पारितोषिक मिळवलं आणि नाकारलं, कारण जुन्या कृष्णधवल फोटोसारखं दिसणारं त्याचं चित्र यंत्रानं, म्हणजे एआयनं, बनवलेलं होतं. पुढच्याच वर्षी माइल्स अॅस्ट्रे या फोटोग्राफरनं उलटा डाव टाकला. मान अंगात खुपसलेल्या, त्यामुळे बिनडोक्याच्या दिसणाऱ्या फ्लेमिंगोचा खराखुरा फोटो त्यानं एका स्पर्धेत यंत्रनिर्मित चित्रांच्या गटात पाठवला, बक्षीस मिळवलं आणि मग बाद झाला. डोळ्यांना दिसणाऱ्या पोतावरून खरं-खोटं ठरवायची सवय किती पोकळ आहे, हे या दोन घटनांइतकं झणझणीत दुसऱ्या कशानं सांगणार?

आता त्या सीसीटीव्हीवाल्या गृहस्थांकडे वळतो. त्यांचा उपहास मला झोंबला, कारण तो निम्मा बरोबर आहे. निरीक्षणाचा सिनेमा म्हणून जे येतं त्यातलं बरंच पाट्या टाकलेलं असतं. नायिकेच्या मानेमागून चालणारा कॅमेरा, खिडकीबाहेर बघत बसलेलं कुणीतरी, दीड मिनिटाचं मौन, आणि शेवट कळू नये म्हणून अचानक काळा पडदा. हा साचा झालाय, आणि साच्यानं केलेलं काम मसालापटाच्या साच्याइतकंच यांत्रिक असतं, फक्त त्याला कंटाळवाणं म्हणायची लोकांना भीती वाटते. मला वाटत नाही. पण यावर ‘काहीतरी घडू द्या की’ हा उपाय नव्हे. बेल्जियन दिग्दर्शिका शांताल आकेरमनच्या 1975 मधल्या ‘ज्यां दिएलमां’त 201 मिनिटं एक बाई घर सांभाळते. कॅमेरा कधी हलत नाही. पहिल्या दिवशी आपण तिची प्रत्येक हालचाल शिकून घेतो. दिवा विझवणं, झाकण ठेवणं, बटाटे उकडायला ठेवणं, सगळं ठरल्या क्रमानं. दुसऱ्या दिवशी बटाटे जास्त शिजतात, तिसऱ्या दिवशी बूट घासायचा ब्रश हातातून निसटतो, आणि आपल्या पोटात गोळा येतो. निसटलेला ब्रश! दुसऱ्या कुठल्या सिनेमात ब्रश पडल्यावर कुणी सरसावून बसलंय? इतका वेळ आपल्याला क्रमाची सवय लावल्याशिवाय हे जमलं नसतं. ती सवय काढून टाका, ब्रश नुसता ब्रश उरेल. 2022 मध्ये ‘साइट अँड साउंड’ या ब्रिटिश सिनेमासिकाच्या समीक्षकांच्या कौलात हा सिनेमा पहिला आला तेव्हा पुष्कळांनी नाकं मुरडली. क्रमवारीशी मला कर्तव्य नाही, पण जिन्यातल्या कॅमेऱ्याला जन्मभर चालू ठेवलं तरी त्याला हे साधणार नाही.

चैतन्य ताम्हाणे यांच्या 2014 मधल्या ‘कोर्ट’मध्ये असाच एक क्षण आहे. सुट्टी लागणार म्हणून न्यायालय रिकामं होतं. कॅमेरा लांब, स्थिर. माणसं उठून जातात, एकेक दिवा मालवला जातो आणि पडदा हळूहळू अंधारात जातो. सिनेमा इथंच संपला असं वाटतं. तो संपत नाही, न्यायाधीशांच्या सहलीकडे निघतो. ‘कॅमेरा लावला आणि बसले’ असं ज्यांना वाटतं त्यांनी तो अंधार किती वेळ टिकतो आणि त्यानंतर काय जोडलंय एवढंच पाहावं. अमेरिकी माहितीपटकार फ्रेडरिक वाइजमननं आयुष्यभर निवेदन नाही, मुलाखती नाहीत, अशा फिल्म केल्या आणि तरीही ‘निरीक्षण’ हा शब्द त्याला कधी रुचला नाही. कित्येक तासांच्या चित्रणातून दोन-तीन-चार तास उरवण्यात त्याचे महिनोन्‌महिने जात. जे घडलं ते त्यानं घडवलं नव्हतं. पण कशानंतर काय घडलं हे सगळं त्यानं ठरवलं होतं.

शुद्धतेची शपथ घेणाऱ्यांचं काय होतं तेही एकदा पाहून झालंय. 1995 मध्ये डॅनिश दिग्दर्शक लार्स फॉन ट्रायर आणि थॉमस विंटरबर्ग यांनी डॉग्मा 95 चा जाहीरनामा काढला. कलमं दहा: प्रत्यक्ष जागीच चित्रीकरण, कॅमेरा हातात, वेगळी प्रकाशयोजना नाही, चित्रापासून तोडून ध्वनी नाही, दिग्दर्शकाचं नावसुद्धा नाही. नाव दिलं होतं ‘शुचितेची शपथ’. 1998 मध्ये विंटरबर्गचा ‘फेस्टन’ आला, आणि त्यानंतर त्यानं रीतसर कबुलीजबाब दिला की एका दृश्यात आपण खिडकी झाकली होती, म्हणजे प्रकाशाशी खेळलो होतो. मला हा कबुलीजबाब फार आवडतो. त्यात थट्टा आहे आणि गोमही आहे. खिडकी उघडी ठेवणं हा निर्णय, झाकणं हाही निर्णय. त्या दहा कलमांनी सिनेमा शुद्ध झाला नाही, पण दिग्दर्शकांना बांधून घातल्यामुळे काही काळ अंगात आलेलं सुस्तावलेपण गेलं. छंदाचं बंधन कवीला जसं कामाला लावतं, तसं.

सगळ्यांत अवघड आक्षेप नैतिकतेचा आहे, आणि तो घेणारी माणसं मला जवळची वाटतात. त्यांचं म्हणणं असं की हे ‘निरीक्षण’ नेहमी वरून खालीच का होतं? पोट भरलेला कॅमेरा, पोट खपाटीला गेलेला विषय. अमेरिकी फोटोग्राफर डोरोथिया लँगनं 1936 मध्ये काढलेलं स्थलांतरित आईचं छायाचित्र जगभर गेलं. त्या बाईला त्यातून काही मिळालं नाही आणि तिनं पुढं ती कटुता बोलूनही दाखवली. याला माझ्याकडे उत्तर नाही, आणि असल्याचा आव आणणार नाही. पण या आक्षेपातून लोक जो निष्कर्ष काढतात तो मला उलटा वाटतो. ते म्हणतात, निदान ढवळाढवळ करू नका, विषयाला हात लावू नका, दुरून पाहा. दुरून पाहणं जास्त सभ्य असतं हे कुणी ठरवलं? 1938 ते 1941 या काळात वॉकर इव्हान्सनं न्यूयॉर्कच्या भुयारी रेल्वेत कोटाखाली कॅमेरा लपवून समोरच्या प्रवाशांचे चेहरे टिपले. त्याहून नैसर्गिक चेहरे मिळणं कठीण. त्यांतल्या कुणालाही विचारलेलं नव्हतं. हे इव्हान्सलाही खुपत असावं, कारण त्यांचं पुस्तक यायला 1966 साल उजाडलं. फिलिप-लोर्का डिकोर्शियानं 2001 च्या सुमारास टाइम्स स्क्वेअरमध्ये वर दिवे बांधून, लांबून, चालत्या अनोळखी माणसांचे चेहरे घेतले. एकानं धार्मिक कारणासाठी हरकत घेऊन दावा लावला, आणि 2006 मध्ये न्यायालयानं निकाल फोटोग्राफरच्या बाजूनं दिला. कायद्यानं तो सुटला. मला मात्र त्या भिंतीएवढ्या चेहऱ्यांसमोर उभं राहताना अजून अवघडल्यासारखं होईल.

याच्या समोर किआरोस्तामींचा 1990 मधला ‘क्लोज-अप’ ठेवा. दुसऱ्याच एका दिग्दर्शकाचं नाव सांगून एका कुटुंबात शिरलेला माणूस आणि ते फसलेलं कुटुंब, सगळे त्यात स्वतःच्याच भूमिका करतात. घडून गेलेला प्रसंग पुन्हा उभा करतात. शुद्धतेच्या पट्टीनं हे रचलेलं, म्हणून अपवित्र. पण रचायचं ठरल्यामुळेच त्या माणसांना विचारावं लागलं, त्यांना आपली बाजू मांडायला मिळाली, स्वतःची फजिती दुसऱ्यांदा आणि समजून-उमजून जगायला मिळाली. लपवलेल्या कॅमेऱ्यातला चेहरा आणि विचारून पुन्हा उभा केलेला प्रसंग, यांतलं जास्त सभ्य कोणतं? माझं उत्तर ठरलेलं आहे. ‘नैसर्गिक’ हा शब्द पुष्कळदा दुसऱ्याच्या संमतीच्या किमतीवर विकत घेतलेला असतो. नागराज मंजुळे यांच्या ‘फँड्री’चा शेवटही याच कारणासाठी मला मोठा वाटतो. पूर्ण सिनेमा आपण जब्याच्या घराकडे, त्याच्या बापाच्या वाकलेल्या पाठीकडे बघत असतो, खुर्चीत आरामात बसून. शेवटी जब्या दगड भिरकावतो तो थेट आपल्या दिशेनं. इतका वेळ आपण निरीक्षण करत होतो, आणि आता आपण दिसलो आहोत. हा दगड ‘वास्तववादी’ आहे का, असं विचारणाऱ्याला मी काय सांगू?

तेव्हा त्या सभागृहात मला कुणी माईक दिला असता तर मी दिग्दर्शिकेला एवढंच विचारलं असतं: तुमच्या सिनेमातल्या त्या म्हातारीच्या खोलीत तुम्ही कॅमेरा दाराशी का ठेवलात, आत का नेला नाहीत? तिनं काही दाखवू नका असं सांगितलं होतं का? शेवटचा शॉट तुम्ही चार मिनिटं धरला, तीन का नाही? या प्रश्नांना खरी उत्तरं असतात. आत आल्यास चालणार नाही असं त्या म्हातारीनं बजावलं असेल, तर चौकटीतलं ते अंतर तिनं आखलेलं आहे. आणि दिग्दर्शिका नुसती आळसानं दारात थांबली असेल, तर तेही पाच मिनिटांच्या बोलण्यात उघडं पडतं. ‘खरं किती’ या प्रश्नानं यातलं काहीच बाहेर येत नाही.

वडिलांचा तो फोटो मी मोठा करून घरी लावला. त्यांनी तो बराच वेळ पाहिला. मला वाटलं, अंगठ्याबद्दल काही म्हणतील, किंवा आपण इतके वाकलेले दिसतो याबद्दल. ते म्हणाले, ‘फोटो चांगलाय. पण ती खुर्ची परत होती तिथं ठेव. खिडकीपाशी बसलं की मला दारातून कोण येतंय ते दिसत नाही.’ इतकी वर्षं ते पेपरआडून दाराकडे लक्ष ठेवून बसत होते, आणि पाच दिवस डोळ्याला कॅमेरा लावून बसलेल्या मला ते दिसलं नव्हतं.